दिवेलागणीची सुई

मानवत,
रविवार, ९ नोव्हेंबर २०२५

चि. ऋतिकास आत्याचे अनेक आशीर्वाद. तू सध्या ते घेणार नाहीस हे ठाऊक आहे. पण आशीर्वाद काही परत घेता येत नाहीत, तेव्हा राहू देत.

इकडे सगळे बरे. तिकडे सेलूला दादा-वहिनी कसे आहेत, तुझी परीक्षा कधी, हे विचारायला फोन लावला तर तू माझा नंबरच बंद करून टाकलेला. दादा तर माझं नाव निघालं की ताटावरून उठतो असं कानावर आलं. म्हणून कागद घेतला. दहावीनंतर ब्लाऊजच्या मापांशिवाय मी काही लिहिलेलं नाही, तेव्हा अक्षराला हसू नकोस. बांगड्यावाली बायनाबाई गुरुवारी सेलूला येते. तिच्या टोपलीत हिरव्या बांगड्यांच्या खाली हे पत्र असेल. तिला वाचता येत नाही, आणि काय लिहिलंय ते ती विचारतही नाही. दुसरा गुण जास्त दुर्मिळ.

कापूस फुटून लोंबतोय, वेचायला बाया मिळत नाहीत. सप्टेंबरच्या पाण्यानं काळी पडलेली बोंडं तशीच आहेत. आमचे मालक, म्हणजे तुझे बजरंगमामा, सकाळी शेतात जातात, संध्याकाळी येतात, आणि मधल्या वेळात बैलांशी जेवढं बोलतात तेवढंही घरात बोलत नाहीत. लेकरांचं म्हणशील तर वैजू परभणीला वीज कंपनीत आहे तो आहेच. शनिवारी येतो, जेवतो, जातो. पंकजा बरी आहे. पोलीस भरतीसाठी पहाटे पळायला जायची, ते सध्या बंद केलंय. गुडघा दुखतो म्हणते. लग्नसराईचे ब्लाऊज एवढे आलेत की मशीनवरून उठायला होत नाही. हैदराबादला गेलो होतो तेव्हा तुझ्यासाठी लाखेच्या बांगड्या आणायच्या होत्या, ते राहून गेलं.

तर सांगायचं असं की.

हे वाक्य लिहून मी उठले, कुकर लावला, परत बसले. सांगायचं असं की तुझा साखरपुडा तेवीस तारखेला ठरल्याचं कळलं. मला कुणी कळवलं नाही, बाजारात कळलं. कडूअक्काच्या दत्ताशी. अक्का माझी मोठी बहीण, दत्ता माझ्या मांडीवर वाढलेला भाचा, मला आनंदच व्हायला हवा. पण ऋतू, दत्ता झोपेत कराकरा दात खातो. अक्काच्या चुडाव्याचं पाणी तुला मानवायचं नाही, तुझे केस गळतील. स्टेशनजवळ घर, रात्रंदिवस गाड्यांचा धडधडाट. शिवाय अक्काचा स्वभाव तू जाणतेस. नाव कडूबाई, आणि नावाला ती जागते.

तेव्हा तू एवढंच कर. परीक्षेचं निमित्त सांग आणि तारीख पुढे ढकल. उन्हाळ्यावर ने. दादाला म्हणावं, शिकू द्या मला. तो तुझं ऐकतो.

राखीला तुमच्या घरी आले आणि राखी बांधून झाल्यावर तुझी नि वैजूची सोयरीक मोडून गेले, हे मी विसरलेली नाही. तू दाराच्या आड उभी होतीस, तुझ्या पायाचा अंगठा मला दिसत होता. लोक म्हणतात, वैजूला नोकरी लागली, आता राजेश्रीला नांदेडची डॉक्टरीण सून हवीय, भावाची पोर कशाला. म्हणू देत. तू कारण विचारू नकोस. फक्त तारीख पुढे ढकल.

तुझी, अजून तरी,
आत्या

---

मानवत,
रविवार, १६ नोव्हेंबर

चि. ऋतिका,

बायनाबाईनं तुझी चिठ्ठी आणून दिली. मोठी मोठी पत्रं लिहिणाऱ्या आत्याला तू चार ओळींत गार केलंस. "आत्या, मी आठ वर्षांची असताना तुम्ही माझ्या कपाळाला कुंकू लावलंत आणि बाविसाव्या वर्षी पुसलंत. दत्तादादाच्या दातांचं मला सांगू नका. एक तरी खरं कारण सांगा. आणि हैदराबादला कशाला गेला होतात?"

दादाची पोर शोभतेस. नको तेवढंच नेमकं वाचलंस.

खरं कारण सांगते. पण मला सरळ सांगता येत नाही, माझा जीव थाऱ्यावर नाही, तेव्हा जसं येईल तसं वाच.

ते कुंकू कधी लावलं ते तुला आठवतंय का? तुमच्या अंगणात, दिवेलागणीला. तुझ्या चुलत काकाला बघितलेली पोर नापसंत करून आम्ही बायका आदल्या रात्री परत आलो होतो. आपल्या घराची रीतच ती. पोर बघायला जायचं ते दिवेलागणीला, बल्ब लावू द्यायचा नाही, आणि पोरीच्या हातात सुई-दोरा द्यायचा. तिला ओवता आलं तर पुढचं बोलणं, नाहीतर चहा न घेता उठायचं. कारण आपल्या लिंबाजीकाकाला, म्हणजे तुझ्या आजोबांच्या धाकट्या भावाला, अंधार पडला की दिसत नसे, आणि चाळिशीत तो पुरता आंधळा झाला. घरात सांगत, काकानं तरुणपणी नाग मारला त्याचा कोप. पण बायकांच्या मनात दुसरं होतं. असलं काही बाहेरच्या पोरीकडून आपल्या घरात येऊ नये. म्हणून सुई. त्या दिवशी आमचं बोलणं ऐकून तू पळत आलीस, माझ्या हातातली सुई घेतलीस आणि एका दमात ओवून दाखवलीस. मी म्हटलं, "ही बगा! घरची पोर ती घरची पोर. आजपासून ही माजी सून." आणि कुंकू लावलं. सगळ्या बायका हसल्या. त्यात मी सगळ्यात मोठ्यानं.

आता हैदराबाद.

जूनमध्ये पंकजा पहाटे पाथरी रस्त्याला पळताना पुलाच्या कडेनं नाल्यात पडली. बरोबरच्या पोरी म्हणाल्या, पूल दिसत होता की, ही सरळ पळत खाली गेली. मी तिलाच रागावले. मग एकेक ध्यानात यायला लागलं. बाजूला ठेवलेली बादली तिला लागायची. ताटाशेजारी पाण्याचा तांब्या ठेवला तर ती पाणी मागायची. संध्याकाळी देवळात जाताना माझा पदर धरायची आणि मी म्हणायची, एवढी घोडी झाली तरी आईचा पदर सुटत नाही. ऋतू, माझी पोर वर्षभर माझ्या पदरावर चालत होती आणि मी लाड समजत होते.

परभणीच्या डॉक्टरांनी हैदराबादच्या डोळ्यांच्या दवाखान्यात पाठवलं. तिथल्या डॉक्टरीणबाईंनी यंत्रात डोळे पाहिले, मग मला विचारलं, तुमचं लग्न नात्यातलं आहे का? मी मान वर करून म्हटलं, "हौ! सख्ख्या आत्याच्या घरी दिलेली हाय मी." त्यांनी कागदावर गोल आणि चौकोन काढले. बाईचा गोल, पुरुषाचा चौकोन. माझ्या नि तुझ्या मामांच्या मध्ये त्यांनी दोन रेघा ओढल्या. बाकी नवराबायकोंत एकच. मला वाटलं, आमचं नातं पक्कं म्हणून दोन. घरी येताना गाडीत पंकजानं सांगितलं, त्या दोन रेघांचा अर्थ रक्त एकच, एवढाच.

लिंबाजीकाकाचा चौकोन पूर्ण काळा. पंकजाचा गोल पूर्ण काळा. काकासारखीच तिचीही नजर हळूहळू जाणार.

डॉक्टरीणबाईंनी समजावलं ते माझ्या भाषेत असं. प्रत्येकाला प्रत्येक गोष्टीचे दोन दाणे मिळतात, एक आईकडून, एक बापाकडून. डोळ्याचा एक दाणा किडका आणि एक धड असेल, तर धड दाणा काम भागवतो. माणसाला काही होत नाही, लख्ख दिसतं, पण किडका दाणा आत असतोच आणि लेकरांत जाऊ शकतो. नवरा-बायको दोघांकडे तोच किडका दाणा असला, तर दर लेकराला चारात एक भीती की दोन्ही किडके त्याच्याच वाट्याला येतील. तुझे मामा म्हणाले, "बाई, आमाला तर दोनच लेकरं. मग चौथं कुटून आलं?" त्या म्हणाल्या, तसा नंबर लागत नसतो, दर खेपेला नव्यानं चिठ्ठी निघते. बाहेरच्या घरात तोच दाणा असणं फार क्वचित. एका आजाच्या नातवंडांत मात्र तो सहज सापडतो.

आमचं सगळ्यांचं रक्त घेतलं. राखीच्या आदल्या आठवड्यात रिपोर्ट आला. मी, तुझे मामा आणि वैजू, आम्ही अर्धे काळे, म्हणजे एकेक दाणा किडका. तिघांनाही घारीसारखं दिसतं. आणि माझ्यापुढे तो कागद, त्यात दादाचा चौकोन, कडूअक्काचा गोल, दत्ताचा चौकोन, तुझा गोल, सगळ्यांत प्रश्नचिन्ह.

कळलं ना आता? आपण इतकी वर्षं सुई घेऊन बाहेरच्या पोरींचे डोळे तपासत हिंडलो आणि खोट आपल्या उंबऱ्याच्या आत पाटावर बसून जेवत होती. सुईला फक्त पंकजा सापडते. मी सापडत नाही, वैजू सापडत नाही. तू आठव्या वर्षी जी सुई ओवलीस तिनं तुझ्याबद्दल काहीच सांगितलं नाही. दादा म्हणतो म्हणे, दत्ताचे डोळे रेल्वेनं नोकरीत घेताना तपासलेत, आणखी काय पाहिजे. रेल्वे डोळे तपासते. रक्तातला दाणा तिला कसा दिसणार?

घरी आल्यावर पंकजा तिच्या बापाला म्हणाली, "बाबा, गाय फळवायची तर तुमी घरचा वळू लावत न्हाई, दुसऱ्या गावाला नेता. मग आमाला कामून घरातल्या घरात देता?" तुझे मामा उठले. चप्पल न घालताच बाहेर गेले. तेव्हापासून ते असे अबोल आहेत.

मी का बोलले नाही? कारण तुझ्या मामांनी मला शपथ घातली. पंकजाचं नाव गावभर झालं तर तिला कोण करणार? आणि तुझ्याबद्दलही लोक म्हटले असते, भावाच्या पोरीतही तीच खोट असणार. माझ्या हावरटपणाचा बोभाटा झालेला परवडला, त्यात दोन्ही पोरी वाचत होत्या. असा माझा हिशोब. मी लय शहाणी ना! तू रडशील, मला शिव्या देशील, मग दादा तुला कुठल्यातरी अनोळखी घरी देईल, आणि सगळं निभावेल. दादा रागाच्या भरात तुला उचलून दुसऱ्या बहिणीच्या घरात देईल हे माझ्या डोक्यातच आलं नाही. मी तुला आगीतून काढलं आणि तू फुफाट्यात निघालीस. बाजारात कळलं तेव्हा माझ्या हातून भाजीची पिशवी पडली.

मागचं पत्र लिहून झालं तेव्हा पंकजानं ते माझ्या हातून घेतलं. दिवसा तिला वाचता येतं. दत्ताच्या दातांपाशी आली आणि खदखदा हसली. मग हसता हसता थांबली. "आई, माझा गुडगा दुकत न्हाई. माझं नाव घालून लिही. मी काय चोरी केली का?" मी तरी तेच पत्र बायनाबाईकडे दिलं. तुझी चिठ्ठी आली तेव्हा पंकजा नुसती माझ्याकडे बघत राहिली. ती अजून मला बघू शकते तोवर मी तिच्यासमोर खोटं किती दिवस बोलू?

म्हणून हे. शपथ मोडली, मामांना सांगूनच मोडली. ते म्हणाले, "लिही."

आता ऐक. हे पत्र दादाला भर दिवसा वाचून दाखव. तुझं रक्त तपासून घे, दत्तालाही सांग. त्याआधी कुंकू लावून घेऊ नकोस. वैजूचं विचारशील. त्यानं सोयरीक मनानं मोडली नाही, माझ्या तोंडून मोडली. तुझा गोल जर रिकामा निघाला तर... पुढचं मी लिहीत नाही. लिहिलं तर देवाला वाटेल मी माझ्यासाठीच मागतेय. आणि ते खरंच असेल.

तुझी आत्या,
पंकजाची आई

---

मानवत,
रविवार, ११ जानेवारी २०२६

चि. ऋतू,

संक्रांतीचा तिळगूळ सोबत पाठवते आहे, दादाच्याच हाती. आता बायनाबाईच्या टोपलीची गरज उरली नाही याचं तिला वाईट वाटतंय. मात्र साखरपुड्याच्या दिवशी ती बांगड्या भरायला तुमच्याकडे होती, त्यामुळे तिला आयुष्यभर पुरेल एवढं सांगायला मिळालंय. मला तिनं चारदा सांगितलं, मी पाचव्यांदा ऐकायला तयार आहे. कडूअक्कानं रीतीप्रमाणे दिवेलागणीला बल्ब घालवला, सुई पुढे केली. तू ती ओवलीस, ओवलेली सुई ताटात ठेवलीस आणि म्हणालीस, "मोठ्या आत्या, ओवायचं म्हनलं तर मी अजून दहा ओवते. पण सुईला रक्तातलं दिसत न्हाई. आदी रक्त, मग कुंकू." बायनाबाई म्हणते, त्या अंधारात कुणाला बल्ब लावायचंही सुचलं नाही.

अक्का उठून गेली. माझ्याशी बोलत नाही, बहुधा या जन्मी बोलणार नाही. दत्तानं मात्र परवा वैजूकडून दवाखान्याचा पत्ता मागून घेतला.

साखरपुड्यानंतर दादा पहिल्यांदा आमच्याकडे आला होता ते त्यानं तुला सांगितलं का? सांगितलं नसेल. संध्याकाळी आला, माझ्याशी न बोलता ओट्यावर बसला. पंकजा बाहेर आली तर त्यानं बाजूनं पेरूंची पिशवी तिच्यापुढे धरली. ती घेईना. त्याला वाटलं पोर रुसली. मग ती म्हणाली, "मामा, आलात नव्हं? कुठं हाव तुमी?" पिशवी तिच्या हातापासून वीतभर होती. तुझा बाप ओट्यावर बसून लेकरासारखा रडला गं. मी त्याला पाणी दिलं, आणि राखीपासूनचं आमचं भांडण तिथंच सांडलं.

परवा तुझा फोन आला. "आत्या, माझा गोल अर्धा काळा." तू एवढंच म्हणालीस आणि मी फोन ठेवून दिला. तुला राग आला असेल. तुला काही झालेलं नाही, होणारही नाही, हे कळत होतं. वहिनी बाहेरच्या घरची, तिचा धड दाणा तुझ्यात आहे. तरी मी मशीनवर डोकं टेकून रडले. मला तू हवी होतीस. दुसरी कुणी नको, तूच.

वैजूला सांगितलं. डॉक्टरीणबाई फोनवर म्हणाल्या होत्या, लग्नाला बंदी नाही, दिवस गेल्यावर पोटातल्या लेकराची तपासणी करता येते, मग पुढचं ज्याचं त्यानं ठरवायचं. मी ते त्याला आशेनं सांगितलं, खोटं कशाला बोलू. त्यानं ताट बाजूला सारलं. मग म्हणाला, "आई, पंकीच्या शेजारच्या खोलीत बसून आमी ठरवायचं का, पंकीसारखं लेकरू ठिवायचं का न्हाई?" पंकजा दारातच होती. तिनं ऐकलं. आत येऊन त्याच्या पाठीत एक धपाटा घातला आणि चहा ठेवायला गेली. त्यानं तुला काय लिहिलं ते मला माहीत नाही, आणि ते मी विचारणार नाही.

पंकजा परभणीला अंध मुलांच्या शाळेत जाऊन आली. दिसतंय तोवर बोटांनी वाचायला शिकून घेते म्हणाली. पहाटेऐवजी आता ऊन वर आल्यावर पळते, तिचे बाबा सायकलवर मागे. भरती नाही तर नाही, पाय तर आपलेच आहेत, असं तिचं म्हणणं.

तुला स्थळं येतील. आपल्या नात्यागोत्यापलीकडची, जिथं आपलं पूर्वी कधी जाणं-येणं नव्हतं अशा घरची. तिथं तुझा रिपोर्ट पहिल्या भेटीतच पुढे ठेव. काही जण चहा न घेता उठतील. आपणही किती घरांतून उठलो, तेव्हा ते सोसायला हवं. जो बसून राहील, चहा संपवेल आणि मग विचारेल की पंकजा कशी आहे, त्याला हो म्हण. लपवायचं मात्र नाही. मी तीन महिने लपवून पाहिलंय.

सून म्हणून तुझ्यासाठी घेतलेल्या शालूचा ब्लाऊज मी आठवडाभरात शिवून संपवते. तू ज्या घरी जाशील त्या घरी तो शालू नेसून जा. आणि एक सांगायचं राहिलं. तू लिहिलं होतंस की मी कुंकू पुसलं. ऋतू, ते मी पुसलं नाही. ते माझ्या घरचं नव्हतं, एवढंच.

तुझी सासू होता होता राहिलेली,
आणि म्हणून जन्मभराची आत्या,
राजेश्री